वयात येणाऱ्या मुलींसाठी मराठी मार्गदर्शनपर पुस्तके : विध्यर्थाकडून प्रश्नाकडे

बीजशब्द : मार्गदर्शनपर साहित्य, किशोरावस्था, स्त्रीशिक्षण, विध्यर्थ, महाविद्यालयीन ग्रंथालय

प्रस्तावना

मुलगी ऋतुमती झाली म्हणजे ती ‘शहाणी झाली’ असे म्हणण्याची मराठीत जुनी रीत आहे. ‘न्हाण आले’, ‘पदर आला’, ‘कावळा शिवला’ असे इतरही शब्दप्रयोग आहेत. परंतु ‘शहाणी झाली’ या प्रयोगातील विसंगती विशेष लक्षणीय आहे. ज्या दिवशी तिला स्वतःच्या शरीरात काय घडत आहे याचा काहीच उलगडा होत नाही, नेमक्या त्याच दिवशी समाज तिला शहाणी ठरवितो. हे शहाणपण तिला पूर्वी कोणी द्यावयाचे, हे ठरलेले असे. आजी, मावशी, वहिनी, शेजारची एखादी जाणती बाई यांनी कुजबुजत सांगितलेल्या चार गोष्टी हेच त्या काळचे मार्गदर्शन होते. एकत्र कुटुंब विरळ झाले, मुली शाळेत जाऊ लागल्या आणि हे काम हळूहळू छापील पुस्तकाकडे आले. त्या पुस्तकाने ते कसे केले, याचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे.

या विषयाकडे वळण्यास एक साधे निमित्त घडले. आमच्या महाविद्यालयाच्या ग्रंथालय समितीवर काम करीत असताना, वर्षानुवर्षे कोणी न नेलेली पुस्तके निर्लेखनासाठी वेगळी काढण्याचे काम माझ्याकडे आले. त्यात मुलींच्या आरोग्याविषयी व किशोरवयाविषयी असलेली आठ-दहा पुस्तके होती. त्यांच्या तारखेच्या चिठ्ठ्या जवळजवळ कोऱ्या होत्या. नियमाप्रमाणे ती ‘न वाचली जाणारी’ पुस्तके. प्रत्यक्षात मात्र त्यांची पाने हाताळून मऊ झाली होती, कोपरे दुमडलेले होते आणि एका पुस्तकातील आकृत्यांची दोन पाने तर कोणीतरी काढूनच नेली होती. मुली ही पुस्तके कपाटाआड उभ्या राहून वाचत होत्या. देवघेव खिडकीवर, सर्वांदेखत, आपल्या नावावर नोंदवून नेत नव्हत्या. ज्या पुस्तकांना वाचक नाही असे आपण समजत होतो त्यांना वाचक होता. त्याला फक्त तसे दिसावयाचे नव्हते.

असे पुस्तक चांगले की वाईट हे ठरविताना आपण सामान्यतः त्यातील माहिती अचूक आहे का, भाषा सोपी आहे का, मूल्ये योग्य आहेत का, असे पाहतो. हे निकष आवश्यकच आहेत. तथापि त्यांच्याही आधी एक गोष्ट पाहावी लागते, असे माझे मत झाले आहे : त्या पुस्तकात मुलीच्या प्रश्नाला जागा आहे का? ती पुस्तकात केवळ ऐकणारी आहे, की विचारणारीही आहे? या एका अंगाने मराठीतील काही महत्त्वाच्या ग्रंथांकडे पाहिले असता त्यांचा क्रम निराळाच दिसू लागतो.

सन १८८२ : एकाच वर्षातील दोन पुस्तके

महाराष्ट्रात मुलींच्या शाळा एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धातच उभ्या राहू लागल्या होत्या. जोतीराव व सावित्रीबाई फुले यांच्या शाळेतील विद्यार्थिनी मुक्ता साळवे हिने मांग-महारांच्या दुःखाविषयी लिहिलेला निबंध १८५५ मध्ये ‘ज्ञानोदया’त प्रसिद्ध झाला. समारंभात खाऊ देऊ केला असता तिने ‘आम्हाला ग्रंथालय द्या’ अशी मागणी केल्याचे सांगितले जाते. ही आख्यायिका जशीच्या तशी खरी असो वा नसो, तिचा निबंध मात्र आपल्यासमोर आहे आणि तो उपदेश ऐकणाऱ्या मुलीचा नाही. धर्माला व समाजाला उलट विचारणाऱ्या मुलीचा तो आहे. मुलींसाठी पुस्तके लिहिणाऱ्या पुढच्या पिढ्यांनी हा आरंभबिंदू ध्यानात ठेवला असता तर या साहित्याचा इतिहास वेगळा झाला असता.

पुढे १८८२ मध्ये पंडिता रमाबाईंचा ‘स्त्रीधर्मनीति’ हा ग्रंथ पुण्यात प्रसिद्ध झाला. स्त्रियांना वळण लावणारा, त्यांना धीर देणारा, एका स्त्रीनेच मराठीत लिहिलेला हा आरंभीचा महत्त्वाचा ग्रंथ होय. विद्या, सदाचार, विवाह, गृहकृत्ये, अपत्यसंगोपन असा त्याचा विषयविस्तार आहे. स्त्रीने आळस टाकावा, विद्या संपादन करावी, स्वतःच्या उन्नतीसाठी दुसऱ्याकडे पाहत बसू नये, असा त्याचा रोख आहे. भाषा संस्कृतप्रचुर असून सूर गुरुजनाचा आहे. स्त्रियांच्या अवनतीचा बराचसा दोष स्त्रियांच्याच अज्ञानावर व निष्क्रियतेवर टाकला गेल्याचे या ग्रंथाच्या अभ्यासकांनी दाखविले आहे.

हा ग्रंथ लिहिणारी व्यक्ती कोण होती, हे समोर ठेवले म्हणजे आश्चर्य वाटते. रमाबाई त्या वेळी चोवीस वर्षांच्या होत्या. आईवडील १८७४ च्या सुमारास दुष्काळाच्या हालअपेष्टांत गेले होते. त्यांनी १८८० मध्ये जातीबाहेर नोंदणी विवाह केला होता. फेब्रुवारी १८८२ मध्ये पती बिपिनबिहारी मेधावी यांचे निधन झाले होते आणि पदरात वर्षाची मुलगी मनोरमा होती. रूढीने घालून दिलेले जवळजवळ प्रत्येक बंधन स्वतः ओलांडून आलेली ही स्त्री पुस्तक लिहावयास बसली, तेव्हा तिच्या हातून विधिनिषेधांचा ग्रंथ तयार झाला! याचे एक कारण व्यावहारिक असावे. पुण्याच्या सुधारक समाजाला मान्य होईल असे पुस्तक लिहिणे तिला भाग होते. या पुस्तकाच्या उत्पन्नाचा उपयोग १८८३ मधील इंग्लंडच्या प्रवासासाठी झाला. परंतु दुसरे कारण अधिक खोल आहे. मार्गदर्शनपर पुस्तक या प्रकाराचा साचाच तसा होता. त्यात शिरताना लेखिकेला स्वतःचे आयुष्य दाराबाहेर ठेवावे लागे. याच रमाबाईंनी पाच वर्षांनी, १८८७ मध्ये, अमेरिकेतील वाचकांसाठी ‘द हाय कास्ट हिंदू वुमन’ लिहिले, तेव्हा दोष स्त्रीवरून व्यवस्थेवर सरकला. वाचक बदलला, पुस्तकाचा प्रकार बदलला आणि लेखिकेला जे ठाऊक होते ते सांगता आले. मात्र ते मराठी मुलीला मराठीत सांगितले गेले नव्हते.

याच १८८२ मध्ये बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे यांचे ‘स्त्रीपुरुषतुलना’ प्रसिद्ध झाले. सुरतेच्या विजयालक्ष्मी या विधवेच्या खटल्याचे निमित्त त्याला होते. हे मार्गदर्शनपर पुस्तक नव्हे. ते मुलींना काही शिकवीत नाही. पुरुषांना, शास्त्रकारांना, देवालाही प्रश्न विचारते. जोतीरावांनी १८८५ मध्ये ‘सत्सार’मधून ताराबाईंची बाजू घेतली; पण त्यानंतर हे पुस्तक जवळजवळ विस्मृतीत गेले आणि १९७५ मध्ये स. गं. मालशे यांनी ते पुन्हा प्रकाशात आणले. उपदेश करणाऱ्या ग्रंथाला तत्काळ वाचक व आश्रयदाते मिळावेत आणि प्रश्न करणारा ग्रंथ नव्वद वर्षे दृष्टीआड राहावा, ही गोष्ट दोन लेखिकांच्या योग्यतेविषयी काहीच सांगत नाही. आपल्या निवडीविषयी मात्र पुष्कळ सांगते.

ही स्थिती केवळ मराठीची नव्हती. उर्दूत नजीर अहमद यांनी १८६९ मध्ये ‘मिरात-उल-उरूस’ लिहिले. स्वतःच्या मुलींना वाचावयास योग्य पुस्तक नाही म्हणून ते लिहिले, असे त्यांनीच सांगितले आहे. फूहड अकबरी आणि सुगरण असगरी या दोन बहिणींच्या या कथेला सरकारने एक हजार रुपयांचे पारितोषिक दिले. घर नीट चालवणारी मुलगी हे वसाहतकालीन शासन आणि देशी सुधारक या दोघांचेही समान स्वप्न होते.

‘मुलींनी असे करावे’ : एका क्रियापदाचा इतिहास

येथे व्याकरणाकडे थोडे वळणे इष्ट ठरेल. भाषेच्या अध्यापकाची ही खोड आहे असे समजून वाचकांनी ती सोसावी. मराठीत कर्तव्य सांगण्यासाठी आपण विध्यर्थाचे रूप वापरतो : करावे, बोलावे, राखावी. निषेधासाठी ‘नये’ : हसू नये, जाऊ नये. या रचनेत कर्ता बहुधा तृतीयेत जातो, ‘मुलींनी मोठ्याने हसू नये’, आणि क्रियापद त्याच्याशी लिंगवचनाने जुळत नाही. ‘तू हसू नकोस’ या वाक्यात निदान एक मुलगी समोर उभी असते. ‘मुलींनी हसू नये’ यात ती समोर नसते. तिच्याविषयी दुसऱ्या कोणाशी तरी बोलणे चाललेले असते आणि ती ते बाजूला उभी राहून ऐकत असते. कोण सांगत आहे हेही वाक्यात नसते, म्हणून ‘का?’ असे विचारावयाचे तर ते कोणाला, हा प्रश्न उरतो.

मुलींसाठी म्हणून लिहिलेली मराठी पुस्तके चाळली तर हे क्रियापद पानोपानी भेटते. विशेष म्हणजे आशय बदलला तरी क्रियापद बदलत नाही. जुन्या पुस्तकात ‘वडीलधाऱ्यांसमोर खाली पाहून बोलावे’ असा आदेश असेल, तर नव्या व्यक्तिमत्त्वविकासाच्या पुस्तकात ‘समोरच्याच्या डोळ्यांत पाहून बोलावे’ असा असेल. ‘मर्यादा पाळावी’च्या जागी ‘आत्मविश्वास बाळगावा’, ‘न्यूनगंड टाकून द्यावा’, ‘मोठी स्वप्ने पाहावीत’ अशी वाक्ये आली. उपदेशाची दिशा उलटली. उपदेश तसाच राहिला. आरोग्यविषयक पुस्तिकांतही ‘या दिवसांत स्वच्छता राखावी’ असे एक ओळीत सांगितलेले असते. ज्या घरात न्हाणीघराला दार नाही, किंवा वापरलेले कापड उन्हात वाळत घालणे लाजिरवाणे मानले जाते, तेथे ती कशी राखावी, हे त्या वाक्यात मावत नाही.

विध्यर्थ सर्वस्वी वाईट आहे असे म्हणावयाचे नाही. पाककृतीला तो शोभतो. ‘मोहरी तडतडली की हिंग घालावा’ यात अपमान नाही. मराठी मुलीला लग्नात सर्वाधिक वेळा भेट मिळालेले मार्गदर्शनपर पुस्तक बहुधा पाकशास्त्राचेच असेल. लक्ष्मीबाई धुरंधर यांच्या ‘गृहिणीमित्र अथवा एक हजार पाकक्रिया’ (१९१०) पासून कमलाबाई ओगले यांच्या ‘रुचिरा’ (१९७०) पर्यंतची ही परंपरा तुच्छ लेखण्याजोगी नाही. ‘रुचिरा’ने वाटी-चमच्याचे माप दिले आणि परगावी एकटीने संसार मांडणाऱ्या मुलीला सासूच्या अंदाजावर अवलंबून राहण्यातून सोडविले, हे मार्गदर्शनाचे उत्तम उदाहरण आहे. ती अडते कोठे, हे त्या लेखिकेला नेमके ठाऊक होते. मीठ चवीपुरते म्हणजे किती, हा वाचकाचा प्रश्न तिने आधीच ऐकला होता.

प्रश्न विचारू देणारी पाने

वाचकाचा प्रश्न ऐकणारे लेखन मराठीत पुस्तकाच्या आधी मासिकात आले. र. धों. कर्वे यांनी जुलै १९२७ मध्ये ‘समाजस्वास्थ्य’ सुरू केले आणि १९५३ मध्ये मृत्यू येईपर्यंत ते जवळजवळ एकहाती चालविले. लैंगिक आरोग्य, संततिनियमन, विवेकनिष्ठ नीती हे त्याचे विषय होते; परंतु प्रस्तुत विषयाच्या दृष्टीने त्यातील वाचकांची प्रश्नोत्तरे हा सर्वांत महत्त्वाचा भाग होय. लोक खाजगी शंका पत्राने विचारीत आणि कर्वे त्यांना आडपडदा न ठेवता उत्तर देत. अश्लीलतेच्या आरोपाखाली त्यांच्यावर खटले झाले. त्यांपैकी १९३४ चा खटला या उत्तरांवरूनच झाला आणि त्यात डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी कर्व्यांचे वकीलपत्र घेतले. वाचकाने विचारलेल्या प्रश्नाला शास्त्रीय उत्तर देणे हा गुन्हा कसा ठरतो, हा त्या बचावाचा गाभा होता. कर्व्यांना दंड झाला. एका मुद्द्याकडे मात्र फारसे लक्ष दिले जात नाही. कर्व्यांनी उत्तर दिले नसते, नुसते ‘ब्रह्मचर्य पाळावे’ असे छापले असते, तर त्यांना कोणी न्यायालयात खेचले नसते. विध्यर्थाला शिक्षा होत नाही. शिक्षा उत्तराला होते.

‘समाजस्वास्थ्य’ एखाद्या सोळा वर्षांच्या मुलीला घरात उघडपणे वाचता येणे अवघडच होते. तिच्या मनातील कोंडी दुसऱ्या मार्गाने छापील पानावर आली. ‘कळ्यांचे निःश्वास’ हा कथासंग्रह १९३३ मध्ये विभावरी शिरूरकर या नावाने प्रसिद्ध झाला आणि लेखिका कोण याविषयी मोठे वादळ उठले. या नावामागे बाळूताई खरे, म्हणजे पुढील काळातील मालती बेडेकर, होत्या. शिकलेल्या, मिळवत्या आणि तरीही स्वतःच्या आयुष्यावर अधिकार नसलेल्या मुलींची घुसमट त्यांनी मांडली. मार्गदर्शन म्हणून लिहिलेल्या पुस्तकांत जे सापडत नव्हते ते कथेत सापडले, आणि तेही टोपणनावाच्या आडून. आमच्या ग्रंथालयात कपाटाआड उभ्या राहणाऱ्या मुली आणि ती लेखिका यांच्यात यामुळे मला एक नाते दिसते.

शास्त्रीय माहितीचा प्रश्न आजही सुटलेला नाही. डॉ. राणी बंग व त्यांच्या सहकाऱ्यांनी गडचिरोली जिल्ह्यातील दोन गावांत केलेला अभ्यास १९८९ मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये प्रसिद्ध झाला. तपासलेल्या ६५० स्त्रियांपैकी ९२ टक्के स्त्रियांना स्त्रीरोगविषयक एक तरी व्याधी होती आणि त्याआधी अशी तपासणी झालेल्या स्त्रिया जेमतेम ८ टक्के होत्या. म्हणजे दुखणे जवळजवळ प्रत्येकीला होते आणि ते बोलून दाखविण्याची जागा जवळजवळ कोणालाच नव्हती. याच अनुभवातून पुढे डॉ. बंग यांचा ‘तारुण्यभान’ हा युवक-युवतींसाठीचा उपक्रम उभा राहिला. दुसरीकडे शालेय पातळीवरील किशोरावस्था शिक्षण कार्यक्रमावरून २००७ मध्ये राज्यात गदारोळ झाला आणि तो थांबविण्यात आला. अलीकडच्या पुस्तकांपैकी अदिती गुप्ता व तुहिन पॉल यांच्या ‘मेन्स्ट्रुपीडिया कॉमिक’चा उल्लेख करावयास हवा. त्यात मुली प्रश्न विचारतात आणि डॉक्टर असलेली प्रिया दीदी उत्तरे देते. चित्रकथेचे माध्यम उथळ आहे असे म्हणणारे प्राध्यापक मला भेटले आहेत. मला मात्र त्यात जुन्या आजी-मावशीची जागा पुन्हा भरून निघालेली दिसते. फरक इतकाच की ही मावशी वैद्यक शिकलेली आहे.

पत्र : ‘तू’ म्हणणारे पुस्तक

मुलीला उद्देशून लिहिलेल्या पुस्तकांत पत्र हा प्रकार वेगळा पडतो. जवाहरलाल नेहरूंनी १९२८ च्या उन्हाळ्यात मसुरीस असलेल्या दहा वर्षांच्या इंदिरेला पत्रे लिहिली आणि ती १९२९ मध्ये पुस्तकरूपाने आली. त्यांचा हिंदी अनुवाद प्रेमचंदांनी केला. पृथ्वी कशी झाली, माणूस कोठून आला, भाषा व जाती कशा बनल्या, असे त्यांचे विषय आहेत. मुलीने कसे वागावे याविषयी त्यांत जवळजवळ काही नाही. जगाची ओळख करून देणे हेच पुरेसे मार्गदर्शन आहे, अशी त्यामागची श्रद्धा आहे.

मराठीत याच्या तोडीचे उदाहरण म्हणजे साने गुरुजींची पुतणी सुधा हिला लिहिलेली ‘सुंदर पत्रे’. कोकणचा निसर्ग, थोर माणसे, देशात घडणाऱ्या गोष्टी, गुरुजींची स्वतःची खिन्नता, हे सारे ते तिला बरोबरीच्या माणसाला सांगावे तसे सांगतात. येथे ‘मुलींनी’ नाही, ‘तू’ आहे. सुधाच्या जागी कोणतीही मुलगी बसू शकते, कारण मुळात तेथे एक खरी मुलगी बसलेली आहे. गुरुजींचे नाव घेतले की आपल्याला १९३५ चे ‘श्यामची आई’च आठवते. ते एका मुलाला घडविणाऱ्या आईचे पुस्तक आहे. एका मुलीशी बोलणारे हे दुसरे पुस्तक आपण त्या मानाने फार कमी वाचावयास देतो.

तथापि एक उणीव नोंदविली पाहिजे. या पत्रांत मुलीचे मन आहे, बुद्धी आहे, शरीर नाही. काका किंवा वडील ते लिहिणार नाहीत, हे समजण्यासारखे आहे. कर्व्यांच्या मासिकात शरीर आहे, पण ती मुलगी नाही. मराठीतील मार्गदर्शनपर लेखनाचे हे दोन उत्तम अर्धे भाग एकमेकांना कधी भेटलेच नाहीत, असे म्हणावे लागते.

प्रेरणेच्या पुस्तकांविषयी

आजच्या बाजारात सर्वाधिक खपणारा प्रकार म्हणजे प्रेरणादायी चरित्रे. परदेशात २०१६ मध्ये ‘गुड नाइट स्टोरीज फॉर रिबेल गर्ल्स’ या शंभर स्त्रियांच्या छोट्या चरित्रकथांच्या पुस्तकाने मोठे यश मिळविले आणि त्यानंतर सर्वत्र तशा पुस्तकांची रांग लागली. मराठीत ही परंपरा जुनी आहे. डॉ. आनंदीबाई जोशी यांचे चरित्र काशीबाई कानिटकर यांनी एकोणिसाव्या शतकातच लिहिले आणि ते आनंदीबाईंच्या पत्रांवर आधारलेले होते. त्यातील आनंदीबाई सोप्या नाहीत. गोपाळरावांचा शिक्षणाचा ध्यास आणि त्यांचा जाच, दोन्ही त्यांच्या आयुष्यात होते. त्यांनी १८८६ मध्ये फिलाडेल्फियात पदवी मिळविली आणि २६ फेब्रुवारी १८८७ रोजी, वयाची बावीस वर्षे पूर्ण होण्याआधी, स्वतंत्रपणे व्यवसाय करण्यापूर्वीच क्षयाने त्यांचा अंत झाला.

आज मुलींच्या हाती पडणाऱ्या चार पानी पुस्तिकांत आनंदीबाईंची गोष्ट पदवीदान समारंभापाशी थांबते. थंडी, परका आहार, आजार, एकटेपण आणि पतीशी असलेले गुंतागुंतीचे नाते यांपैकी फारसे काही उरत नाही. यात मुलींचे नुकसान आहे. वसतिगृहात एकटी पडलेली, आजारी पडलेली, घरच्यांच्या अपेक्षेच्या ओझ्याखाली दबलेली विद्यार्थिनी ही गुळगुळीत गोष्ट वाचते तेव्हा तिला आपण कमी पडलो असे वाटते. पूर्ण गोष्ट वाचली असती तर आनंदीबाईंनाही हे सोसावे लागले, एवढे तरी तिला कळले असते.

या कारणास्तव मुलींना चरित्रात्मक पुस्तिकेऐवजी आत्मचरित्रे द्यावीत, असे मला वाटते. (येथे मीही विध्यर्थ वापरला, पण तो प्राध्यापकांसाठी आहे.) रमाबाई रानडे यांच्या ‘आमच्या आयुष्यातील काही आठवणी’ (१९१०) मध्ये शिकणाऱ्या सुनेला घरातील बायकांकडून काय ऐकावे लागते, हे तपशिलाने येते. लक्ष्मीबाई टिळकांची ‘स्मृतिचित्रे’ वाचताना मुली मोठ्याने हसतात, हा माझा वर्गातील अनुभव आहे. मार्गदर्शनपर पुस्तकांपैकी कोणतेही हे साधत नाही. मात्र ही यादी येथे थांबविणे योग्य नाही. आमच्या वर्गात बसणाऱ्या मुलींपैकी पुष्कळ जणींचे घर रानडे किंवा टिळकांच्या घरासारखे नव्हते व नाही. बेबीताई कांबळे यांचे ‘जिणं आमुचं’ आणि उर्मिला पवार यांचे ‘आयदान’ (२००३) यांत शाळा, जात, आई, भूक आणि पुस्तक यांचे जे नाते येते ते कोणत्याही उपदेशग्रंथात आलेले नाही. मार्गदर्शनपर पुस्तकांतील ‘मुलगी’ बहुतेक वेळा शहरातील, सुस्थित घरातील व सवर्ण असते आणि तसे कोठेही म्हटलेले नसते. मुक्ता साळवे हिने जे विचारले होते, त्याची वारस ही आत्मचरित्रे आहेत.

चिठ्ठ्यांतील प्रश्न

विद्यार्थिनींच्या एका कार्यक्रमात आम्ही नाव न लिहिता प्रश्न टाकण्यासाठी खोका ठेवला होता. पाळी, अंगावरून पांढरे जाणे, वजन यांविषयीचे प्रश्न अपेक्षित होते व ते आलेही. परंतु बऱ्याच चिठ्ठ्यांतील प्रश्न वेगळे होते. दुसऱ्या वर्षाची परीक्षा होईपर्यंत लग्न पुढे ढकलता येते का? वडिलांना नाही म्हटले तर शुल्क कोण भरील? शेवटची एस. टी. चुकली तर गावी कसे जायचे? एका मुलाने फोटो ठेवला आहे, तक्रार केली तर घरी कळेल का? एका चिठ्ठीत प्रश्नच नव्हता. ‘मला कोणाशी तरी बोलायचे आहे’ एवढेच लिहिले होते.

ही पुस्तके धरून चालतात की अडचण मुलीच्या मनात आहे : आत्मविश्वास कमी आहे, संकोच आहे, ध्येय ठरलेले नाही. चिठ्ठ्या सांगतात की अडचण बरीचशी तिच्या बाहेर आहे. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या पाचव्या फेरीनुसार (२०१९-२१) महाराष्ट्रातील २० ते २४ वयोगटातील स्त्रियांपैकी २१.९ टक्के स्त्रियांचा विवाह वयाच्या अठरा वर्षांपूर्वी झाला होता. अशा मुलीला ‘मोठी स्वप्ने पाहावीत’ या वाक्याचा काय उपयोग? तिला बालविवाह प्रतिबंध अधिनियम, २००६ काय म्हणतो, १०९८ या क्रमांकावर कोण बोलते, हे सांगणारे एक पान हवे आहे. ग्रामीण विद्यार्थिनींना बारावीपर्यंत एस. टी.चा पास मोफत मिळतो; ८ जुलै २०२४ च्या शासन निर्णयाने आठ लाख रुपयांपर्यंत कौटुंबिक उत्पन्न असलेल्या घरांतील मुलींना व्यावसायिक अभ्यासक्रमांचे शिक्षण व परीक्षा शुल्क माफ झाले; महाविद्यालयात अंतर्गत तक्रार समिती असणे बंधनकारक आहे. लग्न की शिक्षण असा वाद घरात चालतो तेव्हा या माहितीचे वजन कोणत्याही सुविचारापेक्षा अधिक असते. माझ्या पाहण्यातील एकाही मार्गदर्शनपर पुस्तकात ही माहिती एकत्र दिलेली नाही. ती दरवर्षी बदलते, म्हणून लेखक टाळतात, असे एका प्रकाशन व्यवसायातील स्नेह्याने सांगितले. त्यांचे म्हणणे खरे असेल. मग अशी चार पाने दरवर्षी नव्याने छापून पुस्तकाच्या मलपृष्ठाच्या आत चिकटविण्याचे काम महाविद्यालयाला करता येईल. आमच्याकडे ते मराठी व समाजशास्त्र विभागांच्या विद्यार्थिनी करतात. चक्रमुद्रित प्रतीचा खर्च नगण्य आहे.

निर्लेखनासाठी काढलेली ती पुस्तके समितीने परत ठेवून घेतली. ग्रंथपालांच्या संमतीने ती आता मुलींच्या वाचनकक्षात, कुलूप नसलेल्या कपाटात ठेवली आहेत. नाव नोंदवावे लागत नाही. पुस्तक नेताना व परत ठेवताना वहीत फक्त दाखल क्रमांक लिहावयाचा असतो. सोबत ‘सुंदर पत्रे’, ‘आयदान’ आणि ‘स्मृतिचित्रे’ ठेवली आहेत. पहिल्या वर्षअखेरीस मोजणी केली तेव्हा तीन पुस्तके परत आलेली नव्हती. लेखापरीक्षणात ती ‘गहाळ’ म्हणून दाखविली गेली आणि ही पद्धत बंद करावी अशी सूचना आली. त्या तीन पुस्तकांपैकी एकाच्या वहीतील नोंदीपुढे पेन्सिलीने ‘बहिणीला दिले आहे’ असे लिहिलेले आढळले. तिन्ही पुस्तकांच्या प्रत्येकी दोन प्रतींची मागणी मी पुन्हा नोंदविली आहे.